गेम काढायचा नाही

लग्नाचे व्हिडिओ एडिट करून बेसा वस्तीतलं घर चालवणारी मिनल दुपारी तासभर त्याच कॉम्प्युटरवर बंदुकांचा गेम खेळायची. तेवढंच तिच्या मोठ्या भावाच्या, ऋषिकेशच्या, डोळ्यांत खुपायचं. ती बाजारात गेली तसा त्यानं गेम उडवला. 'या फायली दुसरे प्रोग्रामही वापरत असतील, त्याही काढायच्या का?' असं कॉम्प्युटरनं विचारलं, तर पठ्ठ्यानं न वाचताच 'हो' दाबलं.

मिनल परतली तर एडिटिंगचं सॉफ्टवेअर उघडेना. फाइल सापडत नाही म्हणे! आणि दारात हळदीच्या व्हिडिओसाठी नवरीचे काका उभे.

"म्या तं फक्त गेम काढला," ऋषिकेश पुटपुटला. "ती फाइल कोण्या साइटवरून उतरवून घे ना वं."

"कुठलीही उकिरड्यावरची फाइल माह्या मशीनमध्ये जाणार नाही, दादा. गेमसोबत आली होती, गेमसोबतच येईल."

तिनं त्याच्या डोळ्यांदेखत गेम पुन्हा टाकला. एडिटिंग मुकाट उघडलं. काका व्हिडिओ घेऊन गेले.

ऋषिकेशचा जीव भांड्यात पडला. "चाल, आता तं काढ तो गेम."

मिनलनं हेडफोन चढवले.

"जाताना दार लावून घे, दादा. मी खेळून राहिली."