सोळा बोटांचा महिना

जवळा बाजारात पेठेमागे अल्लाबक्ष पिंजाऱ्याची पडवी होती. कापूस पिंजायच्या धुनकीची तात तुंई-तुंई करू लागली की कापूस असा उडायचा, की कोपऱ्यात एक वेगळाच मुलूख उभा राहायचा. तो मुलूख दोघींचाच. एक अल्लाबक्षची खतीजा, दुसरी शेजारच्या व्यंकटराव पटवाऱ्यांची नर्मदा. तिथले डोंगर कापसाचे, हत्ती कापसाचे, आणि राणीला शिंक आली की अख्खं राज्य हलायचं.

त्या मुलखाला पंचांग मिळालं ते भांडणातून. नर्मदाची माय म्हणे श्रावण चालू आहे, खतीजाची अम्मा म्हणे रमजान, आणि व्यंकटराव कचेरीतून येऊन सांगत, निजाम सरकारचा मेहेर महिना.

"तिघं बी खोटं बोलून राहिले," खतीजानं निकाल दिला. "आपला महिना आपुनच करू."

मग महिना ठरला सोळा दिवसांचा, आणि महिन्यांची नावं झाडांची, बोरीचा, चिंचेचा, आंब्याचा. आधी नर्मदाची आठ बोटं, मग खतीजाची आठ. अंगठे मोजायचे नाहीत, ते राणीचे पहारेकरी. रोज भेटल्यावर त्या दिवसाचं बोट चिमटीत धरायचं, की तिथं सूर्य उगवायचा. भेट झाली नाही तर तिथं उजाडतच नसे. एकदा नर्मदाला गोवर निघाला, तर मुलूख बारा दिवस अंधारात होता. तिथल्या हत्तींची काही तक्रार आली नाही.

अशी दोन वर्षं गेली. अठ्ठेचाळीसच्या भादव्यात फौज आली, निजामाचं राज्य गेलं. गल्लीत कुणी कुणाला काही बोललं नव्हतं, पण अल्लाबक्ष भ्याला. एका सकाळी बायकोलेकरं गाडीत घालून तो हिंगोलीला साडूकडे निघून गेला. पडवीला कुलूप लागलं. आदल्या दिवशीच चिंचेच्या महिन्यातली नर्मदाची आठ बोटं संपली होती. आता येणारे दिवस खतीजाच्या बोटांवरचे, आणि ती बोटं हिंगोलीला.

"काहून जेवून न्हाई राहिली गं?" मायनं विचारलं.

"खतीजा कवा येईल?"

"कोणाला ठावं, बाई. अशी गेलेली माणसं लगेच परततेत व्हय?"

नर्मदाला धसका बसला. इतके दिवस उजाडलं नाही तर मुलूख मरून जाईल. तिनं मायच्या गोधडीचा दोरा घेतला आणि रोज त्याला एक गाठ मारू लागली. दसरा गेला, दिवाळी गेली.

मग थंडी पडली आणि गाद्या भरायला गावात माणूस नाही. व्यंकटरावांनी हिंगोलीच्या गाडीवानाजवळ निरोप धाडला, "अल्लाबक्ष, घर तुझंच हाय. लेकरं कुडकुडून राहिली. ये." चौथ्या दिवशी पडवीत धुनकी वाजली.

नर्मदा दोरा घेऊन धावली. खतीजा वाळली होती, पण हसली.

"हे काय गं?"

"दिवस. त्रेसष्ट हायेत. मुलूख मरू देला न्हाई मी."

खतीजाचं हसू मावळलं. "माझ्या बोटांचे दिवस तू दोऱ्याला देलेस?"

"तू नव्हतीस ना!"

"मंग उजाडू द्यायचं न्हाई! मी तिथं रोज मनात म्हणत व्हते, आपलं काही हुकलं न्हाई, माझं पहिलं बोट वाट पाहून राहिलंय. आन तू आपले चार महिने एकटीनं खाऊन बसली, म्हशे!"

ती पाठ फिरवून बसली. नर्मदा जो मुलूख जपायला गेली, तो खतीजावाचूनच पुढे गेला होता. ती तिच्या पाठीशी बसली आणि गाठी सोडू लागली. नखानं, दातानं. बऱ्याच वेळानं दोऱ्याचं दुसरं टोक कुणीतरी ओढलं.

"गाठी दगडावानी मारल्यास की गं!"

अल्लाबक्ष कापूस पिंजता पिंजता म्हणाला, "पोरींनो, तकलीफ कशाला? कात्री देऊ का?"

"न्हाई!" दोघी एकदम ओरडल्या.

दिवेलागणीला सगळ्या गाठी सुटल्या, पण पहिली सुटेना. ती नर्मदानं रडत रडत गच्च आवळलेली.

"ऱ्हाऊ दे," खतीजा म्हणाली. "तेवढा अंधार पडलाच व्हता."

मग तिनं आपलं पहिलं बोट पुढं केलं. नर्मदानं ते चिमटीत धरलं. बाहेर बोरं पिकायला लागली होती, पण पडवीत चिंचेच्या महिन्याचा नववा दिवस उजाडला.