कनीजच्या मोपेडची एल पाटी

मित्रांनो, मी एक जुनी एल पाटी आहे. पांढऱ्या पत्र्यावर लाल एल. गाडी शिकणाऱ्याने मला गाडीला बांधायचं, म्हणजे बाकीचे जपून राहतात. लोक मला बघून हसतात. हसोत बापडे. आजवर मी कुणासाठी बाजूला झालेले नाही, बाजूला लोक झालेत.

जन्माने मी आमरसाच्या डब्याचं झाकण. रत्नागिरीजवळ शिरगावात दादू पेंटर होड्यांवर नावं रंगवायचा. एकोणनव्वद सालच्या पावसाळ्यात कनीजची आई नसीमा मला घेऊन त्याच्याकडे गेली आणि म्हणाली, "यावर लाल एल काढ." त्याने काढला आणि ब्रश हातात धरून थांबला.

"पुढं काय?"

"पुढं काय नाय."

"एका अक्षरासाठी ब्रश भिजवला मी भाभी. होडीचं नाव निदान चार अक्षरांचं असतं."

त्याचं मन मानेना. त्याने एलखाली एक निळी लाट काढली. नसीमाने ती पुसायला लावली. ती अजून थोडी दिसते. मला तिचा अभिमान आहे. मोपेडच्या पुढच्या बाजूला पुठ्ठ्याची पाटी बांधायचं ठरलं होतं. ती पहिल्याच सरीत विरघळली. तिचं आत्मवृत्त एवढंच.

आता मोपेडबद्दल. ती कनीजचे वडील अयूब यांनी कुवेतहून पैसे पाठवून घेतलेली. कनीज नुकतीच सोळा वर्षांची झाली होती आणि रत्नागिरीला अकरावी सायन्सला जात होती. प्रॅक्टिकल संपायचं पाचला आणि गावाकडची एसटी सुटायची साडेचारला. एसटी काही प्रॅक्टिकलसाठी थांबत नाही आणि प्रॅक्टिकल एसटीसाठी थांबत नाही. राहिली मोपेड. वजीरचाचांनी, म्हणजे अयूबच्या थोरल्या भावाने, निकाल देऊन टाकला होता, "लायसन नाय तर कॉलेज नाय. तवर गाडी माजा बशीर फिरवील."

बशीर चौदा वर्षांचा होता. त्याच्याकडे लायसन नव्हतं, पण मिशी येणार असा घरात सगळ्यांचा विश्वास होता. महिनाभर तो मोपेड गावभर फिरवत होता. एकदा त्याने ती चिऱ्यांच्या गडग्यावर, म्हणजे कुंपणाच्या भिंतीवर घातली. गडगा तिथेच उभा राहिला आणि मडगार्ड वाकलं. चाचा म्हणाले, "पोरगा शिकतोय." मला मात्र त्याने बांधू दिलं नाही. म्हणे, ही पाटी पोरींसाठी असते. त्या दिवसापासून मी त्याच्याकडे बघणं सोडलं.

कायदा मात्र मला पाठ आहे. रत्नागिरीच्या आरटीओ कचेरीच्या भिंतीवर तो टांगलेला होता आणि मला दुसरं वाचायला काही नव्हतं. बिनगिअरची, पन्नास सीसीपर्यंतची गाडी असेल तर सोळा पूर्ण पाहिजेत आणि पालकाची लेखी संमती पाहिजे. बाकी खासगी गाड्यांना अठरा. आधी शिकाऊ लायसन, निदान महिनाभर सराव, मग परीक्षा. चौदा वर्षं आणि होऊ घातलेली मिशी याबद्दल कायद्यात एक ओळही नाही.

अडलं ते संमतीवर. अयूबना पत्र लिहायचा कंटाळा. ते कुवेतहून कॅसेट बोलून पाठवत. नसीमाने निरोप धाडला होता, "कनीजच्या लायसनला हो म्हणून कळवा." कॅसेट आली ती नेमकी कचेरीत जायच्या दिवशी सकाळी. ऐकायला वेळ नव्हता. मायलेकींनी टेपरेकॉर्डर पिशवीत घातला, मला कनीजच्या हातात दिलं आणि एसटी पकडली.

कचेरीत कारकून काशीराम सावंत बसले होते. त्यांनी फॉर्म तपासला.

"संमती कुठाय?"

नसीमाने टेपरेकॉर्डर टेबलावर ठेवला.

"हे काय?"

"संमती."

सावंतांनी चष्मा काढला, पुसला आणि पुन्हा घातला. टेपरेकॉर्डर तिथेच होता. नसीमाने बटण दाबलं.

मित्रांनो, अयूबनी आधी कुवेतच्या उन्हाबद्दल सांगितलं. मग खोलीतल्या आचाऱ्याबद्दल. त्याला मासे कळत नाहीत, तो सुरमईला कोंबडी समजून शिजवतो. शिपाई चहा घेऊन आला तो तिथेच उभा राहिला. रांगेतला एक ट्रकवाला म्हणाला, "सुरमईचं खरं हाय त्यांचं." अयूबनी शेळीची चौकशी केली. शेळी मेली होती, हे त्यांना अजून कुणी कळवलं नव्हतं. पंचवीस मिनिटांनी कनीजचं नाव आलं. तिने मला इतकं घट्ट धरलं की माझी एक कड वाकली.

"कनीजच्या गाडीचं म्हणशील," अयूबचा आवाज म्हणाला, "तर वजीरभाईंचा फोन आल्ता. पोर लहान हाय. आणखी दोन वर्षं थांबूया. तवर गाडी बशीरला दे."

नसीमाने बटण दाबून टेप बंद केला. सगळी कचेरी फॉर्मकडे बघत होती. कनीज माझ्याकडे बघत होती. मी काय करणार? मी पत्रा.

"ही संमती नाय, ताई," सावंत हळूच म्हणाले.

"फॉर्मवर काय लिवलंय, वाचा."

"पालकाची सही."

"बापाची असं लिवलंय?"

सावंतांनी फॉर्म उलटून मागची बाजूही पाहिली. "नाय. पालक."

"मंग मी कोण?"

सावंतांनी फॉर्म पुन्हा सरळ केला. "पालक."

"पेन द्या."

तिने सही केली. तिला तेवढंच लिहिता येत होतं आणि तेवढंच हवं होतं. सही चौकटीतून बाहेर आली. सावंत म्हणाले, "चालेल." मग न राहवून म्हणाले, "ताई, हे आधीच करायचं ना."

"आधी त्यांना इचारून बघितलं," नसीमा म्हणाली.

कनीजला शिकाऊ लायसन मिळालं आणि त्या दिवसापासून मी रस्त्यावर आले. पहिल्याच आठवड्यात वजीरचाचा आडवे उभे राहिले. "बाजारात सोड गं." कनीजने ब्रेक दाबला. "चाचा, शिकाऊ लायसनवर मागं फक्त लायसनवाला बसतो. तुमचं हाय काय?" चाचा आभाळाकडे बघू लागले. पाऊस नव्हता.

नसीमाने कुवेतला उत्तरादाखल कॅसेट पाठवली. ए बाजूला तीस मिनिटं चालत्या मोपेडचा आवाज. बी बाजूला, "शेळी मेली."

गणपतीनंतर कनीज परीक्षेत मैदानावर आठचा आकडा काढून पास झाली. घरी आल्यावर ती माझी तार सोडू लागली. माझ्यासारख्यांच्या गोष्टीत यानंतर अडगळ येते, हे मला ठाऊक होतं. मी थोडा गंजही आणून ठेवला होता.

"ऱ्हाऊ दे ती," चुलीपासून नसीमा म्हणाली. "माजा फॉर्म आण."

"अम्मा, तुला संमती कोण देणार?"

"अठराच्या वर कुणाची लागत नाय. भिंतीवर होतं. तू वाचून दाखवलंस तवाच ध्यानात ठेवलं."

तेव्हा मित्रांनो, मला बांधायची लाज वाटत असेल तर ती लाज घरी ठेवा, मला नको. सुतळीने बांधू नका, तारेने बांधा. पावसानंतर पुसा, पण खालची लाट पुसू नका. आणि सोळा पूर्ण नसतील तर माझ्याकडे हात करू नका. मी पत्र्याची आहे आणि माझी एक कड वाकलेली आहे. कापते.