दीपगृहातला पोरगा

"खोटं वाटतंय. अगदीच खोटं," लेक पुटपुटली. कानांवर हेडफोन चढवलेला माणूस पुटपुटतो तेव्हा ते शेजारच्या खोलीतही ऐकू जातं, हे तिला कधी पटलंच नव्हतं. आई तर त्याच सोफ्यावर, तिला खेटून, धुतलेल्या मोज्यांच्या जोड्या लावत बसली होती.

"काय खोटं?"

"काही नाही." लेकीने मांडीवरचा लॅपटॉप पलीकडे वळवला.

आईने एका निळ्या मोज्याला काळा जोडीदार देऊन टाकला. खऱ्याखोट्याचं हे पुराण घरात नवं नव्हतं. जपानी कार्टून (लेकीसमोर कार्टून म्हणायचं नाही, 'ॲनिमे' म्हणायचं, नाहीतर दिवसभर तोंड फुगलेलं) बघायचं तर जपानीतच, खाली उमटणारी अक्षरं वाचत, असं लेकीचं आणि तिच्या कंपूचं ठाम मत. आपल्या भाषेत आवाज चढवलेलं ते सगळं नकली. "ओठ एकीकडे, जीभ दुसरीकडे," असं ती म्हणायची, आणि म्हणताना आईकडे बघायची नाही. कारण आईचा सगळा कामधंदाच त्या नकलीपणाचा.

दीपगृहात आजोबांबरोबर राहणाऱ्या, वादळांशी हुज्जत घालणाऱ्या एका छोट्या पोराची ती मालिका. त्या पोराचा आवाज म्हणजे आई. लेक दप्तर फरफटत शाळेत जायची तेव्हापासून. स्टुडिओत तिला नावाने कुणी हाक मारतच नसे. "पोरगा आला का?" असंच विचारत. आणि पन्नाशी ओलांडलेला, चष्मा लावणारा, गुडघ्याला पट्टा बांधलेला पोरगा "आला, आला" म्हणत दार ढकलायचा.

दुसऱ्या दिवशी पोरगा कामावर गेला. रेकॉर्डिंगची खोली न्हाणीघराएवढी, भिंतींना फोम. चपला बाहेर, घड्याळ बाहेर, कपडे सुती, कारण सळसळतं कापड अंगावर असलं की माइक आधी तेच ऐकतो. डाव्या कानात मूळ जपानी आवाज, समोर पडद्यावर पोराचे ओठ, आणि त्या दोघांच्या मध्ये ही. पोरगा पळाला की ही जागच्या जागी पळायची. पोराच्या तोंडात घास असला की ही गालात सफरचंदाची फोड धरून बोलायची.

पूर्वी एकेका वाक्यावरून जुंपायची. काचेपलीकडे बसणाऱ्या रेकॉर्डिस्टला सगळे कानसेन म्हणत. तो तोंडावर विचारायचा, "ताई, पोराला सर्दी झालीये का?" आणि ही म्हणायची, "तुझे कान धू आधी." हल्ली मात्र सगळं पहिल्याच फटक्यात पास.

"झकास, ताई. पुढचं घेऊ."

"अरे, 'थांब' म्हणताना आवाज फाटला माझा."

"छे हो. मस्त आलंय."

"फाटला. मी ऐकला ना."

"पाणी घेता का थोडं?"

घेतलं तिने. हल्ली जो तो तिला पाणी पाजत होता. ज्याला काही बोलायचं नसे तो उठून पेला भरून आणायचा.

"बरं, तिकडची बाई बदलली का रे?" तिने डाव्या कानाला हात लावला. इतकी वर्षं त्या कानात एक जपानी बाई राहत होती. तिचं नाव वाचता येत नव्हतं, तोंड कधी पाहिलं नव्हतं. पण ती श्वास कुठे घेते, हसण्याआधी कशी जराशी अडखळते, हे हिला सख्ख्या बहिणीसारखं माहीत. आज तिथून कुणी तरणीताठी पोर बोलत होती.

कानसेनने शेजारी बसलेल्या दिग्दर्शक बाईंकडे बघितलं. बाईंनी मोबाइलकडे.

"काम थांबवलं म्हणे तिने," कानसेन म्हणाला. "कोमट आणू का पाणी?"

"पुढच्या पर्वाचं उद्यापर्यंत कळवा हं, ताई," बाई मोबाइललाच म्हणाल्या. "तुम्ही हो म्हणाल तर हो. तुमचाच पोरगा आहे."

इतकं गोड या बाई एरवी बोलत नसत.

घरी येऊन तिने नवऱ्याला गाठलं. "अहो, खरं सांगा. माझा आवाज बदललाय?"

"हवा बदललीये," तो म्हणाला, आणि पाणी तापत ठेवायला स्वयंपाकघरात गेला.

ती सोफ्यावर लेकीशेजारी जाऊन बसली. हातात फोन, त्यावर दिग्दर्शक बाईंना लिहिलेला 'हो', नुसता पाठवायचा बाकी. अंगठा काही उतरेना. उगाच तिची नजर लॅपटॉपकडे गेली. पडद्यावर दीपगृह होतं, पोरगा होता, त्याचे ओठ हलत होते.

आणि खाली अक्षरं नव्हती.

"हे जपानी नाहीये," ती म्हणाली. "हे माझं आहे."

लेकीने लॅपटॉप मिटायला हात घातला, तोवर आईने हेडफोनची एक बाजू ओढून स्वतःच्या कानाला लावली. आपलंच काम पुन्हा बघायचा तिला कंटाळा, त्यामुळे नवे भाग तिने ऐकलेच नव्हते.

"आजोबा, दिवा लागला," पोरगा म्हणाला. शब्द तिचे, थांबे तिचे. पण आवाज कुणीतरी मशीनवर चिमटीत धरून वर ओढलेला, नव्या स्टीलच्या चमच्यासारखा लखलखीत. मग पोरगा हसला. रुंद, घोगरं, खोकल्याच्या काठापर्यंत जाऊन परतणारं हसू. ते मात्र जसंच्या तसं तिचं. वाक्यं एकीकडे साठवतात आणि हसणं-रडणं-धापा दुसरीकडे. कानसेनने सगळी वाक्यं इस्त्री करून ठेवली होती आणि हसण्याचा कप्पा उघडायचाच विसरला होता.

"हसू ओढायचं राहिलं बघ मेल्याचं," आई म्हणाली.

"बोलतो एक आणि हसतो एक," लेक म्हणाली. "काल तेच म्हणत होते मी. हसतो तेवढा खरा, बाकीचा कोण आहे कुणास ठाऊक. लोकांनी खाली काय काय लिहिलंय बघ. 'ही नवी कोण आणलीत? जुन्या बाईला परत बोलवा.'"

"अगं, जुनीच तर आहे ती," आई म्हणाली आणि हसायला लागली. तेच हसू, खोकल्याच्या काठापर्यंत. लेक हसली नाही.

"तू कधीपासून बघतेस हे नकली?"

"पहिल्यापासून. आधी त्यांचं बघते, मग तुझं."

"मग इतकी वर्षं नावं ठेवत होतीस ती?"

"ती तुला चिडवायला. कालचं तेवढं मनापासून होतं."

आईने फोनवरच्या त्या 'हो'कडे बघितलं. "घसाच बसलाय गं जरा. आठवडाभर गुळण्या केल्या की..."

तेवढ्यात नवरा वाफाळता पेला घेऊन आला आणि तिच्यापुढे धरला. लेकीने हेडफोन काढून मांडीवर ठेवले, मधेच हात घालून तो पेला घेतला आणि टेबलावर ठेवून दिला.

"बाबा, पाणी पुरे आता," ती म्हणाली. "आई, घसा बसलेला नाहीये तुझा. तुझं वय झालंय."