सुतळीत बांधलेला सरू

इटलीतल्या पिस्तोयाच्या रोपवाटिकांत सरूची चौकशी माणसासारखी होते: नर की मादी? दिव्याच्या ज्योतीसारखा, अंग चोरून उभा राहील तो नर. फांद्या पसरील ती मादी. बियांपासून वाढवलेला सरू यांपैकी काय निघेल, हे कित्येक वर्षे कळत नाही. म्हणून शहाणी माणसे बी पेरण्याच्या फंदात पडत नाहीत. सरळ झाडाची डहाळी घेऊन कलम बांधतात.

नेवियोने मात्र बी पेरले होते. आईच्या थडग्याशेजारचा सरू रोगाने गेला. सालीतून डिंक पाझरला, शेंडा विटकरी झाला आणि अखेर झाड तोडावे लागले. त्या दिवशी नेवियोने मूठभर बोंडे खिशात घातली. त्यांतून जगलेले एकच रोप आता काही वर्षांचे झाले होते. दफनभूमीत आता नवी झाडे लावू देत नव्हते, आणि बापलेकांच्या रोपवाटिकेतला, ते रोप होते तो तुकडा वसंताआधी रिकामा करायचा होता. टेकडीवरच्या सिन्योरा एर्सिलियांच्या घराच्या वाटेवर, सरूंच्या दुहेरी रांगेत एक जागा मोकळी होती. "नर असेल तर आण," त्या म्हणाल्या होत्या. नसेल तर रोपाला सरपणाच्या ढिगाखेरीज जागा नव्हती.

शरद ऋतूत रोपाच्या फांद्या बाहेर झुकू लागल्या. नेवियोने कोणाशी न बोलता त्यांना हिरव्या सुतळीचे वेढे दिले. मग रोज संध्याकाळी तो सुतळीखाली बोट सरकवून पाही. आतून काहीतरी हलकेच रेटत असे. त्याला त्या रेट्याची भीती वाटे, आणि त्याहून अधिक कुतूहल.

फेब्रुवारीत त्याचे वडील ओरेस्ते रोपाशी थबकले.

"काय रे, कंबरपट्टा आवळलास वाटतं हिला?"

"आधार आहे, बाबा. वाऱ्यासाठी."

"वारा आतून सुटलाय की काय?"

नेवियोने उत्तरादाखल फांदीला टिचकी मारली. पिवळ्या परागांचा धूर उठला आणि ओरेस्ते लागोपाठ शिंकले.

"बघा. पराग आहेत. म्हणजे नर."

"आणि ही बोंडं कुणाची? शेजारणीची?"

त्याच डहाळीवर, टोकाच्या परागांमागे, हिरवी बोंडे होती. नेवियो वाकून पाहत राहिला. मग कलमांच्या वाफ्यात गेला. तिथल्या सडसडीत, निःसंशय नरांवरही बोंडे लगडली होती, आणि परागही.

"बाबा, प्रत्येक झाड दोन्ही आहे."

"माहीत आहे मला."

"मग इतकी वर्षं नर-मादी काय म्हणताय?"

"आपले वाडवडील लांबूनच बघायचे. जवळ गेलं की शिंका येतात." ओरेस्तेंनी नाक पुसले. "आणि सिन्योरांना रांगेला शोभणारं झाड हवंय. त्याला काय म्हणायचं ते तू ठरव."

दोघे रोप घेऊन टेकडीवर गेले, तेव्हा खड्डा तयार होता. सिन्योरांनी रोपाभोवती सावकाश फेरी मारली.

"देखणं आहे. पण ही सुतळी कशाला?"

मुळे धरेपर्यंत राहू द्या, हे उत्तर नेवियोने मनाशी घोकून ठेवले होते. ते जिभेवर आलेही. पण सुतळीखाली बोट घालताच तो ओळखीचा रेटा लागला, आणि आत काय आहे ते पाहिल्यावाचून त्याला राहवेना. त्याने चाकू काढून वेढे कापले.

काही वेळ काहीच घडले नाही. मग खालची एक फांदी, झोपेत कूस बदलावी तशी, बाहेर आली. तिच्यामागून दुसरी.

"मादी," सिन्योरा म्हणाल्या.

"हो."

"रांग ती रांग, नेवियो. माझ्या सासऱ्यांनी दोरी लावून ही झाडं लावलीत."

नेवियो कापलेली सुतळी गोळा करू लागला. मागून ओरेस्ते पुटपुटले, "आईवर गेलंय. तिलाही रांगेत उभं राहणं कधी जमलं नाही. पोस्टात गेली की थेट खिडकीशीच सापडायची."

"माझ्यापुढे घुसली होती एकदा," सिन्योरा म्हणाल्या, "आणि वर मलाच म्हणाली, जरा सरका." त्यांचे ओठ हलले, हसू मात्र डोळ्यांतच राहिले. मग त्यांनी उताराकडे पाहिले. तिथे कपडे धुण्याचा जुना हौद भर उन्हात पडून होता. "तिथे रांग नाही. सावलीही नाही. पण खड्डा तुम्हीच खणायचा."

जमीन दगडाळ होती. ओरेस्ते खणत होते, शिंकत होते आणि दोन्हींना सारख्याच शिव्या घालत होते. सुतळीचे वळ पडलेली फांदी नेवियोने बोटांनी चोळून पाहिली; वळ गेले नाहीत.

"केवढी पसरेल रे ही?" सिन्योरांनी वरून विचारले.

"सांगता येत नाही," नेवियो म्हणाला. मग त्याने वडिलांच्या हातची कुदळ थांबवली, आणि हौदापासून आणखी थोडे दूर खड्ड्यासाठी नवे वर्तुळ आखले.