मुक्काम दिग्रस, वेणी इंपोर्टेड

मी एक खोटी वेणी बोलतेय. जुन्या बायका मला गंगावन म्हणतात, मुंबईच्या सेटवर मला एक्स्टेंशन म्हणायचे. नाव काहीही द्या, काम एकच. दुसरीच्या डोक्यावर बसायचं आणि तिची शोभा वाढवायची. तुम्ही मला पाहिलं आहे. साडेतीन वर्षं रोज संध्याकाळी साडेसातला मी तुमच्या घरी येत होते. तुम्ही जेवता जेवता म्हणायचात, काय केस आहेत बाई या पोरीचे! ते तिचे नव्हते.

माझा जन्म यवतमाळ जिल्ह्यातल्या दिग्रसचा. तिथल्या एका कापसाच्या जिनिंगमध्ये रुखमाबाई नावाची बाई कामाला होती. हंगामात दिवसभर रुईची कुसं उडत, आणि संध्याकाळी ती घरी यायची तेव्हा तिचं डोकं म्हातारीसारखं पांढरं झालेलं असे. मग ती दारात बसून फणीने केस विंचरायची. केस पार गुडघ्यापर्यंत. नवरा लवकर गेला, दोन लेकरं पदरात होती, अंगावर सोन्याचा मणी नव्हता. मिरवावं असं तिच्याजवळ हे एवढंच होतं आणि तेही ती पदराखाली झाकून ठेवायची.

फणीत अडकलेलं गुंतवळ वस्तीतल्या बायका भिंतीच्या फटीत खोचून ठेवत. सायकलवर केस घेणारा आला की ते त्याला देऊन पिना, रिबिनी, नाही तर चहाची गाळणी घेत. रुखमाबाईने त्याला कधी एक केस दिला नाही. बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यात ती गुंतवळ साठवत गेली. तिची मुलगी दीपमाला बापावर गेली होती, केस उंदराच्या शेपटीएवढे. पोरीच्या लग्नात अंबाडा भरायला काही तरी हवं, एवढाच त्या माउलीचा विचार.

आता गुंतवळाची वेणी करणं म्हणजे खायचं काम नव्हे. केसाला मूळ असतं आणि टोक असतं. दोन बोटांत धरून मुळाकडून टोकाकडे ओढला तर गुळगुळीत लागतो, उलटा ओढला तर बोटाला खरखरतो. गुंतवळात सगळे केस उलटेसुलटे पडलेले असतात. ते तसेच बांधले तर चार दिवसांत वेणीची जटा होते. रुखमाबाईने एकेक केस बोटांतून ओढून पाहिला, मुळं एकीकडे लावली, टोकं एकीकडे. सहा वर्षं लागली. शेवटी आठवडी बाजारातल्या एका म्हातारीकडून मला काळ्या दोऱ्यात बांधून घेतलं, आणि मी जगात आले. मोठमोठ्या दुकानांतल्या वेण्या मी नंतर खूप पाहिल्या. माझ्याइतके कष्ट एकीवरही कुणी घेतले नव्हते.

दीपमालाचं लग्न काही झालं नाही. तिच्या बोटांत मात्र आईची कला उतरली. दिग्रसच्या एका पार्लरमध्ये नवऱ्या सजवता सजवता ती नागपूरला कोर्स करून आली आणि चोविसाव्या वर्षी मुंबईला निघाली. निघताना आईने मला तिच्या पेटीत ठेवलं. लग्नात नाही तर कामात तरी लागेल, म्हणाली.

मुंबईत तिला प्रभावतीताई भेटल्या. मूळच्या पुसदच्या, वीस वर्षं सिनेमात आणि मालिकांत हेअरड्रेसर म्हणून राबलेल्या. त्यांच्या हाताखाली दीपमालाने खरं शिक्षण घेतलं. पहाटे सहाला सेटवर हजर व्हायचं. तोंडात दहा पिना धरून बोलायचं आणि एकही गिळायची नाही. हिरॉईन खुर्चीत झोपली तर तिची झोप न मोडता केस विंचरायचे. आज अर्धवट राहिलेला सीन आठ दिवसांनी पुढे करायचा असला तर तीच बट, तोच भांग, तीच पिन त्याच जागी हवी, म्हणून चारी बाजूंनी फोटो काढून ठेवायचे. जेवण उभ्याने, आणि बारा-बारा तास उभं राहून पायाच्या शिरा निळ्या. एवढं करून काही बिघडलं तरच तिचं नाव घेतलं जाई. मालिकेच्या शेवटी नावं येतात म्हणे. तिकडे दिग्रसला रुखमाबाई शेजारच्या पोरीला शेजारी बसवून घ्यायची, लेकीचं नाव वाचून दाखव म्हणून. नावं इतकी पळत की त्या पोरीला दीपमालाचं नाव कधी सापडलं नाही.

मग सलोनी आली. मालिकेत ती गावाकडची सून होती आणि सुनेची वेणी लांबसडक हवी होती. सलोनीचे स्वतःचे केस इस्त्र्या आणि रंग सोसून जेमतेम मानेपर्यंत उरले होते. दुकानातल्या चार वेण्या लावून पाहिल्या, कॅमेऱ्यासमोर सगळ्या नायलॉनच्या दोरीसारख्या चमकल्या. तेव्हा दीपमालाने पेटी उघडून मला काढलं. मला लावल्यावर सलोनीने मान हलवून पाहिली, आरशात हसली आणि विचारलं, ‘‘मस्त आहे गं! कुठली?’’

प्रभावतीताईंनी दीपमालाला आधीच पढवून ठेवलं होतं. या धंद्यात डोक्यावर काय लावलंय ते कुणाला सांगायचं नाही, आणि कुणाचे केस हे तर मुळीच नाही. जिनिंगमधल्या बाईचे म्हटलं की नाकं मुरडतात, आणि त्यानंतरचा प्रश्न आडनावाचा येतो. तो प्रश्न प्रभावतीताईंनी उभ्या जन्मात बराच झेलला होता. सगळ्याच हेअरड्रेसर जे सांगतात तेच दीपमालाने सांगितलं. ‘‘इंपोर्टेड आहे, मॅडम.’’

त्या एका शब्दाने मी परदेशी झाले. मला शाम्पू परदेशी, माझी पिशवी मखमली. मालिका चालली आणि सलोनीची वेणी घराघरांत गेली. पुढे केसांच्या तेलाची जाहिरात आली. तीत सलोनी मला खांद्यावरून पुढे घेऊन म्हणते, ही सगळी माझ्या आईची कृपा. ते वाक्य बोलताना तिने सात टेक घेतले. सातही वेळा दीपमाला कॅमेऱ्यामागे फणी घेऊन उभी होती. केसाने गळा कापतात म्हणतात, तो असा. तिला वाईट वाटलं असेलही, पण त्या जाहिरातीनंतर तिला दुसरं मोठं काम मिळालं, आणि ती मूग गिळून गप्प बसली.

मालिकेच्या दुसऱ्या वर्षी रुखमाबाईला विषमज्वर झाला. महिनाभर ती अंथरुणाला खिळली. ताप उतरला आणि केस गळायला लागले. मुठी मुठीने गेले. डोक्यावर उरलं ते वाळल्या गवतासारखं विरळ. त्यातच दीपमालाच्या धाकट्या भावाचं, संघर्षचं लग्न ठरलं. एका दुपारी सेटवरच्या व्हॅनिटी गाडीत मी खुर्चीच्या पाठीवर वाळत पडले होते, आणि फोनवरचा रुखमाबाईचा आवाज मला ऐकू आला.

‘‘दीपा, ते आपलं गंगावन आण वं दोन दिसासाठी. लोकाईत उघडी बोडकी कशी जाऊ मी? लग्न झालं का घेऊन जाय.’’

दोन दिवस. पण त्या आठवड्यात मालिकेतही लग्नच होतं, आणि माझ्याशिवाय सलोनी कॅमेऱ्यासमोर उभी राहिली नसती. आईला द्यायची आहे, हे एक वाक्य बोलली असती तर मधले दोन दिवस सलोनीचा पदर डोक्यावर घेऊन सीन काढता आले असते. मी साडेतीन वर्षं सेटवर काढली आहेत, त्याहून अवघड गोष्टी तिथे रोज जुळवतात. पण ते वाक्य बोललं की इंपोर्टेडचं बिंग फुटणार. दीपमाला माझ्याकडे पाहत आईला म्हणाली, ‘‘माय, ते हरपलं वं. मागेच कुठं तरी हरपलं.’’

लग्नाला ती एक दिवस जाऊन आली. परत आल्यावर प्रभावतीताईंना फोनमधले फोटो दाखवत होती. विहारासमोरचा मांडव, पांढऱ्या साडीतली नवरी, हसणारा संघर्ष. रुखमाबाई प्रत्येक फोटोत मागच्या रांगेत होती, पदर भुवयांपर्यंत ओढलेला. मुलाच्या लग्नात आई मागच्या रांगेत का, असं प्रभावतीताईंनी विचारलं नाही. त्यांनी दीपमालाच्या पाठीवरून हात फिरवला आणि फोन परत दिला. मला त्या दोघींचाही राग आला, आणि माझा स्वतःचाही. मी निर्जीव असले म्हणून काय झालं.

पुढच्या हिवाळ्यात मालिकेच्या सुनेला माहेरी पाठवायचं ठरलं. माहेर कापसाच्या गावातलं दाखवायचं होतं. कुणाला तरी पांढरकवड्याजवळचं हायवेलगतचं एक वावर पसंत पडलं आणि सगळी मंडळी आमच्याच जिल्ह्यात आली. दीपमालाने घरी कळवलंच नव्हतं. पण व्हॅनिटी गाड्या आल्याची बातमी दिग्रसपर्यंत जायला कितीसा वेळ लागतो? तिसऱ्या दिवशी रुखमाबाई पहाटेची एसटी धरून, यवतमाळला गाडी बदलून, हातात डबा घेऊन वावरात हजर झाली.

तेव्हा सलोनी वावराच्या कडेला धुऱ्यावर छत्रीखाली बसली होती. दीपमाला तिची वेणी सारखी करत होती, म्हणजे मलाच. सुरक्षावाल्याने म्हातारीला अडवलं, तशी ती म्हणाली की मी हेअरवालीची माय. त्याने सोडलं. रुखमाबाई जवळ आली, लेकीकडे पाहून हसली आणि मग तिची नजर माझ्यावर पडली.

तिने माझं टोक हातात घेतलं. दोन बोटं वरून खाली फिरवली, मग खालून वर. सहा वर्षं रोज हेच केलेली ती बोटं. पुन्हा एकदा फिरवली.

‘‘दीपा, हे तं माह्येच केस व्हय. तू तं म्हणत होती का हरपले.’’

सलोनी दचकून उठली. मला दोन्ही हातांनी धरून तिने विचारलं, ‘‘काय म्हणतायत या? कोण आहेत?’’

दिग्दर्शक वळून पाहू लागला. मेकअपवाला, छत्री धरणारा, कणसं विकायला आलेली पोरं, सगळे पाहू लागले. मला वाटलं, आता सांगेल. तिचे ओठ हललेही. पण इतक्या वर्षांची सवय तोंडात पिनांसारखी धरलेली होती.

‘‘आमच्या गावाकडच्या ओळखीच्या आहेत, मॅडम. वय झालंय त्यांचं.’’

रुखमाबाईने लेकीकडे पाहिलं. रडली नाही, भांडली नाही. तिने माझं टोक अलगद सोडलं, पदर पुढे ओढला आणि सलोनीला हात जोडले. ‘‘चुकलं बाई माह्यं. डोळ्याले दिसत नाई आता. माह्ये केस कायचे इतके चांगले?’’ मग डबा खुर्चीवर ठेवून म्हणाली, ‘‘पातोडीची भाजी हाय. ह्या पोरीले द्या. उभ्या उभ्या काम करून राह्यली सकाळपासून.’’

ती वावरातून हायवेकडे चालत गेली. दीपमालाने तिच्यामागे जायला पाऊल उचललं, तेवढ्यात शॉट तयार असल्याची हाक आली. त्या शॉटमध्ये सलोनी माहेरी पोचते आणि आईच्या गळ्यात पडते. मला पाठीवर नीट रुळवून दीपमाला बाजूला झाली. टेक पहिल्याच झटक्यात मंजूर झाला.

मालिका या उन्हाळ्यात संपली. पंधरा दिवसांपूर्वी दीपमाला मला घेऊन दिग्रसला आली. आईसमोर मला ठेवून ती खूप रडली. रुखमाबाईने तिला थोपटलं, चहा करून दिला, त्या दिवसाबद्दल एक शब्द काढला नाही. दुसऱ्या दिवशी वस्तीत कुणाकडे बारसं होतं. दीपमालाने आईला खुर्चीत बसवलं आणि हिरॉईनलाही कधी घातला नसेल इतक्या निगुतीने अंबाडा घातला. पांढऱ्या विरळ केसांत माझा काळा रंग मिसळत नव्हता, तर तिने कडेने मोगऱ्याचा गजरा फिरवला. साडेतीन वर्षं मी परक्या डोक्यावर काढली होती. त्या सकाळी मी घरी आले.

बारशाला पोचलो आणि बायका हसायला लागल्या. हसण्यात वाईट काही नव्हतं, गमतीनेच. म्हातारीने टीव्हीतल्या सलोनीची वेणी लावली, एक म्हणाली. लेक मुंबईची, नक्कल तरी झकास आणली, दुसरी म्हणाली. पोरी मला हात लावून पाहू लागल्या. ज्या डोक्यावर मी उगवले, त्याच डोक्यावर मी नकली ठरले. रुखमाबाई पाळण्याजवळ बसून राहिली आणि तीही सगळ्यांबरोबर हसली.

घरी आल्यावर तिने स्वतःच्या हाताने एकेक पिन काढली. दीपमाला तिला म्हणाली, ‘‘माय, सांगायचं होतं ना त्यायले, का हे माह्येच केस आहेत म्हणून.’’

रुखमाबाईने मला गुंडाळून लेकीच्या हातात दिलं.

‘‘तूनंच नाई सांगतलं, तं मी कोन्या तोंडानं सांगू?’’

तेव्हापासून मी दीपमालाच्या पेटीत आहे. रुखमाबाई पुन्हा पदर भुवयांपर्यंत घेऊन हिंडते. परवा दीपमालाला फोन आला. नवी मालिका आहे, नवी हिरॉईन आहे, आणि तिलाही वेणी लांबसडकच हवी आहे. दीपमालाचं सोमवारचं तिकीट काढून झालंय. मला कुणाच्याही डोक्यावर बसायची हौस उरलेली नाही, पण मला विचारतो कोण. पेटी उघडेल, मला काढतील, नवी पोरगी आरशात मान हलवून पाहील आणि विचारेल, मस्त आहे गं, कुठली?

दीपमाला, बाई, माझं दुसरं काही मागणं नाही. तेव्हा तोंडातल्या पिना काढ आणि आईचं नाव सांग.