चौदा नंबरची काच

कॉलेजात मला सगळे काचकाका म्हणतात. विद्यापीठाच्या मेडिकल कॉलेजात चौतीस वर्षं मी एकच काम केलं. माणसाच्या अवयवांचे केसाहून पातळ काप काढायचे, रंगवायचे, काचेच्या पट्टीवर बसवायचे आणि पोरांनी काचा हाताळताना धसमुसळेपणा केला की त्यांच्यावर ओरडायचं. शेवटचं मला सगळ्यात चांगलं जमतं, असं बायकोचं मत आहे.

आमच्याकडची परीक्षा बघण्यासारखी असते. वीस मायक्रोस्कोप रांगेत, प्रत्येकाखाली एक काच. घंटा झाली की पोरं एकेक जागा पुढे सरकतात, डोळा लावतात आणि कोणता अवयव ते लिहितात. वीस काचा, वीस मार्क, पास व्हायला दहा. खरी गंमत पुढेच आहे. निम्म्या काचा कुणी बघतच नाही. वरच्या वर्गातली पोरं खालच्यांना सांगून ठेवतात की शाईचा डाग असलेली किडनी, ओरखडा असलेली लिव्हर आणि कोपरा तुटलेली चौदा नंबर म्हणजे प्लीहा, त्यांच्या भाषेत स्प्लीन. हे गुपित मला ठाऊक होतं. विभागप्रमुख मॅडमना ठाऊक नाही, असा माझा समज होता.

यंदा परीक्षेच्या आठवडाभर आधी चौदा नंबर पुसताना माझ्याच हातून पडली. चुरा झाला. मी जादा काचांचं खोकं काढलं. लेबलवरची शाई उडालेली, माझा चष्मा घरी, आणि मायक्रोस्कोप लावायचा कंटाळा. एक काच खिडकीशी धरली, जांभळा ठिपकेदार तुकडा दिसला, म्हटलं हीच ती. नवं लेबल डकवलं. मग जे केलं ते माझ्यासारखं गाढवच करू जाणे. काच कापायच्या हिऱ्याने रेघ मारून पकडीने त्या धडधाकट काचेचा कोपरा मोडला. म्हटलं, कोपरा दिसला नाही तर पोरं बिचारी गांगरतील. ओरडतो म्हणून काय झालं, जीव आहे माझा त्यांच्यावर.

परीक्षा झाली, निकाल लागला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी सिस्टर माझ्या खोलीत आली. ही आमची पहिल्या वर्षाची विद्यार्थिनी. बारा वर्षं नर्सचं काम करून, चौतिसाव्या वर्षी, पदरात एक मुलगी असताना डॉक्टर व्हायला आलेली. वर्गातली पोरं तिला सिस्टरच म्हणतात. तास संपला की ती घरी पळते, त्यामुळे कट्ट्यावरची गुपितं तिच्यापर्यंत पोचतच नाहीत.

"काका, मला नऊ मार्क पडलेत," ती म्हणाली. "एका मार्काने वर्ष जातंय. चौदा नंबर पुन्हा बघू द्या ना."

"काच काय बघायचीय? स्प्लीन आहे ती! एकशे एकोणपन्नास जणांनी लिहिलं, तुला एकटीलाच वेगळं दिसलं?"

"मी लिंफ नोड लिहिलं. कडेला आवरणाखाली मोकळी फट दिसत होती. स्प्लीनमध्ये ती नसते. नसते ना, काका?"

"मी डॉक्टर आहे का? जा, तासाला जा."

ती गेली. रडली असती तर बरं झालं असतं, मी आणखी ओरडलो असतो. ती मुकाट्याने गेली, म्हणून मी दार लावलं, चष्मा चढवला आणि काच मायक्रोस्कोपखाली घातली. आवरण दिसलं. त्याच्याखाली फट दिसली, पाटासारखी लांबवर गेलेली. लिंफ नोडच, म्हणजे रसग्रंथी. करायला गेलो गणपती आणि झाला मारुती, तोही माझ्याच हातून.

तीन महिन्यांनी मी निवृत्त होणार होतो. निरोपाच्या भाषणात 'चौतीस वर्षांत एकही काच चुकली नाही' हे वाक्य असलंच पाहिजे, असं मॅडमना मीच बजावून ठेवलं होतं. जेवताना बायकोला सगळं सांगितलं.

"अहो, मग गप्प बसा की," ती म्हणाली. "भाषण छान होईल. त्या बाईचं वर्ष जाईल, तेवढं जाऊ दे."

तिच्या टोमण्याची धार मला लग्नापासून माहीत आहे.

सकाळी मॅडमच्या टेबलावर मी काच ठेवली आणि म्हणालो, "मॅडम, ही चुकीची आहे. चूक माझी." त्यांनी मायक्रोस्कोपला डोळा लावला, बराच वेळ काढलाच नाही.

"लिंफ नोड," त्या म्हणाल्या. "पण काका, जुन्या काचेसारखाच कोपरा हिचाही कसा तुटला?"

"मी तोडला. पोरांना ओळखता यावी म्हणून."

मॅडमनी आधी कपाळाला हात लावला, मग त्या हसायला लागल्या. हसून हसून डोळ्यांत पाणी आलं. "मी इथेच शिकले, काका. चौदा नंबर मीसुद्धा कोपरा बघूनच लिहिली होती. आणि पेपर तपासताना काच बघायची सोडून उत्तरांची यादी बघितली. तुमच्याइतकीच माझी चूक."

सिस्टरला दहावा मार्क मिळाला. बाकीच्यांचा एकेक गेला. नापास कुणीच झालं नाही, पण वर्गाची तोंडं एरंडेल प्यायल्यासारखी झाली. मला फार बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. मग मॅडमनी हुकूम काढला, "काका, जाण्याआधी सगळ्या काचांना डाग लावा, ओरखडे काढा आणि कोपरे तोडा. एकूण एक."

आता रोज दुपारी मी तेच करतो. चारशे काचा आहेत, रोज वीसेक होतात. चौतीस वर्षं जपलेल्या काचा आपल्याच हाताने मोडण्यात एवढा आनंद असेल असं कुणी सांगितलं असतं तर त्याच्यावरही ओरडलो असतो.

काल सिस्टर आली, लेकीला घेऊन. पोरगी टेबलाखालचे कोपरे मोजायला निघाली, तिला ओरडून लांब बसवलं. सिस्टर माझे आभार मानायला लागली.

"आभार राहू दे," मी म्हणालो. "एक खरं सांग. कोपऱ्याचं गुपित तुला आधी कळलं असतं, तर काय लिहिलं असतंस?"

तिने आधी लेकीकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"स्प्लीन, काका," ती म्हणाली. "डोळासुद्धा लावला नसता."

मी पकड उचलली आणि पुढची काच घेतली.