कुंपणफळं उतरवायचा दिवस

वारा सुटला की कुंपणाच्या झाडांखाली उघड्या डोक्यानं जायचं नाही, हा आमच्या कॅन्ससचा नियम. म्हणून त्या सकाळी माझ्या सासूबाई, व्हर्ना, जॅमचं पातेलं डोक्यावर उलटं घालून फळं वेचत होत्या. शेजारचे हारलनकाका शाळेच्या दिवसांतलं फुटबॉलचं हेल्मेट कोंबून आले होते. पन्नास वर्षांत डोकं वाढलं होतं, हेल्मेट नाही. वरून कुंपणफळाचं ते हिरवं, सुरकुतलेलं, किलोभराचं धूड सुटायचं आणि पातेलं टण्णकन वाजायचं.

"घंटा झाली. चला चर्चला," काका म्हणायचे.

"तुमी जावा पुढं. तुमची पापं जास्त हायती."

रात्री पाणी गोठणार होतं. गोठलेलं फळ काळं पडून सडतं, म्हणून अंधाराआधी सगळी रास तळघरात जायला हवी होती. खात कुणीच नाही, पण कोळी पळतात म्हणून गावातलं घरन्‌घर ही फळं खाटेखाली ठेवतं. मी कॉलेजात जीवशास्त्र शिकले. कोळी पळत नाहीत हे मला माहीत आहे. तरी माझ्या खाटेखाली सहा फळं आहेत.

माझी तेरा महिन्यांची लेक जोसी पिकअपमध्ये, पट्ट्यात बांधलेली, खिडकीतून मला दिसेल अशी. चार फळं वेचली की मी एकदा तिच्याकडे बघत होते.

"किती येळा बघशील?" सासूबाई म्हणाल्या. "गाडी काय गिळतीय का तिला?"

"तिनं काही तोंडात घातलं तर?"

"माझ्या चार पोरांनी माती खाल्ली. एक तर आता बँकेत हाय."

काका हसता हसता झाडाला टेकले आणि त्यांच्या हेल्मेटवर एक आदळलं. मग आम्ही तिघंही हसत सुटलो. हात फळांच्या चिकानं इतके चिकट झाले होते की डोळे पुसायची सोय नव्हती. त्यावर उपाय एकच, डुकराच्या चरबीचा डबा. तो सासूबाईंनी बरोबर आणला होताच.

मोठी फळं आम्ही देठ वर करून, एकाला एक न टेकवता खोक्यांत मांडत होतो. मुठीएवढी बारकी काका बाजूला फेकत होते. त्यांनी ती कुठे फेकली हे मी बघितलं ते जोसीकडे बघायला वळले तेव्हा. कुंपणापलीकडे, कुरणात. आणि तिथे पर्ल उभी होती.

पर्ल आमची एकुलती दुभती गाय. जोसी दूध पिते ते तिचंच. पर्लनं मान लांब ताणली होती, तोंडातून लाळेची दोरी लोंबत होती, आणि ती रवंथ करत नव्हती.

"आई, पर्लच्या घशात अडकलंय."

"आता गायीची बी काळजी लागली व्हय हिला," सासूबाई म्हणाल्या; पण वर बघितलं आणि पातेल्यासकट धावल्या. मानेखाली हात फिरवला. "हाय. गोळा हाय हितं. हारलन, बारकी हिकडं टाकली व्हय? मोठं फळ गाय चावून खाती. बारकं गिळती, येवढं बी कळंना?"

काकांचा चेहरा हेल्मेटच्या जाळीआड पांढरा पडला. "डाक्टर बोलावतो."

"त्याला यायला दीड तास. तवर फुगून मरंल ती." सासूबाईंनी माझा हात धरून उलटसुलट बघितला. "तुझा पंजा बारका हाय. चरबी लाव."

"मी?"

"मग काय जोसीला घालू?"

काकांनी शिंगं धरली. सासूबाईंनी दाढांमध्ये त्याच झाडाच्या लाकडाचा तुकडा आडवा सारला आणि बाहेरून दोन्ही अंगठ्यांनी गोळा वर ढकलायला लागल्या. मी कोपरापर्यंत चरबी फासून हात आत घातला. जीभ खरखरीत, आत ऊन ऊन. बोटांना खडबडीत काहीतरी लागलं आणि निसटलं.

"लागलं का?"

"निसटतंय."

"लेकराच्या तोंडातनं बटण काढतीस न्हवं? तसंच. ढकलू नगं, मागनं वेढा घाल."

मी बोटं मागून वळवली, सासूबाईंनी दाब दिला, आणि फळ बुळकन बाहेर आलं. मी मागे गवतात आडवी. पर्लनं माझ्या तोंडावर असा ढेकर दिला की काकांनी हेल्मेट काढून तिला मान दिला. सासूबाई कुंपणाला टेकून पोट धरून हसत होत्या.

मीही हसत होते. कोपरापर्यंत लाळ, केसांत चीक, आणि हसू थांबेना.

तेवढ्यात पर्लनं अंग झाडलं, आमच्याकडे पाठ फिरवली आणि सरळ त्या बारक्या फळांच्या ढिगाकडे चालू लागली.

"बसलीस काय अशी?" सासूबाई पातेलं सावरत ओरडल्या. "डोळ्यांचं काम झालं तुझ्या. आता पाय उचल."